नाव कोणाचे लिहायचे?



गेल्या अंकात आम्ही वार्षिक स्नेहसंमेलनाचा वृत्तांत छापला. अंक हाती आला तेव्हा आम्ही संपादक मंडळी समाधानी होतो. प्रमुख पाहुण्यांचे नाव तीनदा आले होते, अध्यक्षांचे दोनदा. दीपप्रज्वलन कोणी केले, पुष्पगुच्छ कोणी दिले, आभार कोणी मानले, सारे क्रमवार होते. मंडपवाल्याचेही नाव होते. पुढे पालक-शिक्षक संघाच्या सभेत एक आई उठून उभ्या राहिल्या आणि आवाज न चढवता त्यांनी विचारले, "सर, ती एकांकिका कोणी बसवली ते कुठे लिहिलेय?"

आम्ही अंक उघडून पाहिला. त्यात एकच वाक्य होते : 'विद्यार्थ्यांनी सुंदर एकांकिका सादर करून उपस्थितांची मने जिंकली.' ती एकांकिका नववीतल्या एका मुलीने लिहिली होती आणि तिनेच बसवली होती. महिनाभर शाळा सुटल्यावर तिने तालमी घेतल्या. पाठांतर न होणाऱ्या मुलाची वाक्ये तिने तोडून सोपी करून दिली. प्रयोगाच्या दिवशी ती रंगमंचावर आलीच नाही. विंगेत वही घेऊन उभी होती. हे सारे आम्हांला माहीत होते. तिचे नाव आम्ही मुद्दाम गाळले नव्हते. ते लिहावे हे आम्हांला सुचलेच नाही. मुद्दाम केलेली चूक एकदाच होते. न सुचल्याने होणारी चूक दरवर्षी होत राहते, म्हणून आम्हांला याचे जास्त वाईट वाटले.

तिचे नाव याच अंकाच्या दुसऱ्या पानावर दुरुस्तीच्या चौकटीत ठळक छापले आहे. या लेखात ते पुन्हा देत नाही, कारण हा लेख आपल्या सर्वांच्या एका सवयीविषयी आहे. २००४ पासून भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव आपल्या गोव्यात भरतो, त्यामुळे चित्रपटाचे उदाहरण आपल्या मुलांना परके वाटणार नाही. चित्रपट सुरू झाले त्या काळातल्या तीन माणसांच्या हकिकती येथे सांगतो. एक पॅरिसची, एक मालवणची आणि एक त्र्यंबकेश्वरची. मग आपल्या शाळेकडे येतो.

कचेरीतली सेक्रेटरी

१८९५ च्या मार्च महिन्यात पॅरिसमध्ये ल्युमिएर बंधूंनी आपल्या नव्या यंत्राचे प्रात्यक्षिक काही निवडक लोकांना दाखवले. कामगार कारखान्यातून बाहेर पडत आहेत, एवढेच त्या चित्रात होते. पाहणाऱ्यांत कॅमेऱ्यांच्या धंद्यातले लेऑन गोमाँ होते आणि त्यांच्याबरोबर त्यांच्या कचेरीतली एकवीस वर्षांची सेक्रेटरी ॲलिस गी होती. वडील वारल्यावर घर चालवण्यासाठी ती टंकलेखन आणि लघुलेखन शिकली होती. तिच्या वडिलांचे दक्षिण अमेरिकेतल्या चिली देशात पुस्तकांचे दुकान होते, त्यामुळे गोष्टींची गोडी घरातूनच आलेली.

त्या काळी चालत्या चित्रांत रस्ता, आगगाडी, कवायत असे काहीबाही दाखवीत. यंत्र चालते हे गिऱ्हाइकाला पटले की काम झाले. ॲलिसबाईंच्या मनात आले की याच यंत्राने एखादी गोष्ट का सांगू नये? त्यांनी मालकांकडे परवानगी मागितली. परवानगी मिळाली, पण कचेरीच्या पत्रव्यवहारात खंड पडता कामा नये या अटीवर. मग त्यांनी 'कोबीतली परी' हे मिनिटभराचे चित्र केले. बाळे कोबीच्या गड्ड्यांतून येतात असे तिकडे मुलांना सांगतात, त्यावरची ती गंमत. त्यांच्या स्वतःच्या आठवणीप्रमाणे हे १८९६ साल. काही अभ्यासक ते थोडे पुढचे मानतात. कसेही धरले तरी जगात गोष्टीचा चित्रपट करणाऱ्या अगदी पहिल्या माणसांत त्या आहेत, आणि स्त्रियांत पहिल्या.

पुढची सुमारे दहा वर्षे गोमाँ कंपनीच्या चित्रनिर्मितीचा सारा कारभार त्यांच्या हाती होता. तबकडीवरचा आवाज आणि पडद्यावरचे ओठ जुळवून त्यांनी शंभराहून अधिक बोलकी-गाती चित्रे केली, आणि तीही बोलपट येण्याच्या वीस वर्षे आधी. १९०६ मध्ये ख्रिस्तचरित्रावर पंचवीस प्रवेशांचा मोठा चित्रपट केला. त्यात सुमारे तीनशे माणसे होती. १९०७ मध्ये हर्बर्ट ब्लाशे यांच्याशी लग्न करून त्या अमेरिकेला गेल्या. तेथे १९१० मध्ये त्यांनी 'सोलॅक्स' ही स्वतःची कंपनी काढली आणि १९१२ मध्ये न्यू जर्सीतल्या फोर्ट ली गावी स्वतःचा स्टुडिओ बांधला. नटांसाठी तेथे पाटी लावली होती : 'सहज राहा.' त्याच वर्षीच्या त्यांच्या एका चित्रपटात क्षयाने आजारी ताईविषयी डॉक्टर सांगतात की झाडाचे शेवटचे पान गळेपर्यंतच ती जगेल. ते ऐकून धाकटी बहीण रात्री बागेत जाऊन गळालेली पाने दोऱ्याने फांद्यांना बांधत बसते. आमच्या बालवाचकांना ही एवढी गोष्ट सांगितली तरी त्या बाई कोण होत्या ते कळेल.

पुढे दिवस फिरले. कंपनी बुडाली, संसार मोडला. १९२२ मध्ये त्या दोन मुलांना घेऊन फ्रान्सला परतल्या. काम मिळवायचे तर आधीचे काम दाखवावे लागते, आणि चित्रे तर हाती नव्हती. त्या चित्रांच्या शोधात त्या पुन्हा अमेरिकेला जाऊन आल्या आणि रिकाम्या हाताने परतल्या. चित्रपटाच्या इतिहासाची पुस्तके लिहिली जाऊ लागली तेव्हा त्यांची काही चित्रे त्यांच्याच हाताखाली शिकलेल्या पुरुषांच्या नावावर गेलेली होती. गोमाँ कंपनीच्या स्वतःच्या इतिहासातही १९०७ पूर्वीचे हे पर्व राहून गेले. वयाच्या उतारीला त्यांनी पत्रे लिहिली, आठवेल तशी आपल्या चित्रांची यादी केली, आठवणी लिहिल्या. फ्रान्सने त्यांना 'लेजियन ऑफ ऑनर' हा सन्मान दिला. २४ मार्च १९६८ रोजी, चौऱ्याण्णवाव्या वर्षी, त्या अमेरिकेत वारल्या. आठवणींचे पुस्तक निघाले ते १९७६ मध्ये, त्यांच्या मागे. त्यांनी केलेली चित्रे सुमारे हजार असावीत असे सांगतात. आज सापडलेली दीडशेच्या आसपास आहेत. २०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकच्या उद्घाटनात देशातल्या दहा कर्तबगार स्त्रियांचे सोनेरी पुतळे नदीकाठी वर आले, त्यांत एक ॲलिस गी यांचा होता.

एवढ्या सगळ्यात त्यांच्याशी कोणी उघड वैर केले असे दिसत नाही. प्रत्येकाने आपापल्या वेळी एक नाव लिहिले नाही, इतकेच.

पत्रादेवीपलीकडचा शेजारी

आता घराजवळ येऊ. पेडण्याहून पत्रादेवीचा नाका ओलांडला की सिंधुदुर्ग जिल्हा लागतो. त्याच जिल्ह्यात मालवण तालुक्यातल्या सुकळवाड गावी १३ एप्रिल १८९० रोजी रामचंद्र गोपाळ तोरणे यांचा जन्म झाला. पुढे तेही दादासाहेब म्हणूनच ओळखले गेले. लहानपणीच वडील गेले. पोटापाण्यासाठी ते मुंबईला गेले आणि विजेच्या सामानाच्या एका कंपनीत लागले. नाटकांचे वेड होतेच. त्या काळी मुंबईत दिसणारे चित्रपट परदेशी होते. आपली माणसे, आपली कथा पडद्यावर का नसावी, असे या कोकणी तरुणाला वाटले. नानासाहेब चित्रे यांच्या साथीने त्यांनी रामराव कीर्तिकर यांच्या 'श्री पुंडलिक' या नाटकाचे चित्रण केले. १८ मे १९१२ रोजी गिरगावातल्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये ते दाखवले गेले. तेव्हा तोरणे बावीस वर्षांचे होते. आपल्या शाळेतून बाहेर पडलेली मुले त्या वयात नोकरीचे अर्ज भरत असतात.

'पहिला भारतीय चित्रपट कोणता' या प्रश्नाला आपल्या पाठ्यपुस्तकात 'राजा हरिश्चंद्र' हेच उत्तर आहे आणि परीक्षेत तेच लिहावे. त्याची कारणेही आहेत. 'श्री पुंडलिक' हे रंगभूमीवरच्या नाटकाचे चित्रण होते, कॅमेरा चालवणारा गृहस्थ इंग्रज होता, आणि फिल्म धुण्यासाठी विलायतेला पाठवली होती. फाळक्यांनी मात्र सारे येथेच, आपल्या हाताने केले. हा युक्तिवाद आम्हांला पटतो. पण पहिला क्रमांक दुसऱ्याला दिला म्हणून तोरण्यांचे नाव पानावरून पुसायचे, हे पटत नाही. याच तोरण्यांनी पुढे चित्रपटाची यंत्रसामग्री पुरवण्याचा धंदा केला. 'आलम आरा' हा पहिला बोलपट १९३१ मध्ये आला, त्याच्या ध्वनियंत्रामागे त्यांचा हात होता. पुण्यात त्यांनी 'सरस्वती सिनेटोन' उभी केली. १९ जानेवारी १९६० रोजी ते वारले.

'श्री पुंडलिक' आज कोठेही पाहायला मिळत नाही. त्या चित्रपटाचा दाखला उरला आहे तो तेव्हाच्या वर्तमानपत्रातल्या जाहिरातीत. मुलांनो, याचा नीट विचार करा. चित्रपट गेला आणि रद्दीत जाणारा कागद राहिला. तो कागद कोणीतरी फाइलला लावून ठेवला नसता, तर मालवणच्या माणसाने काही केले होते हे सांगायलाही आज आधार नसता.

फाळक्यांच्या घरातली माणसे

तिसरी हकिकत सर्वांच्या ओळखीची आहे, पण ती सहसा अर्धीच सांगितली जाते. धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वरी झाला. चित्रकला, छायाचित्रण, छपाई, जादूचे प्रयोग अशा अनेक विद्या त्यांनी हाताळल्या. १९११ च्या ईस्टरच्या सुमारास मुंबईच्या एका तंबूवजा चित्रगृहात त्यांनी ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला, आणि पडद्यावर राम-कृष्ण कधी दिसतील या विचाराने त्यांना झोप लागेना. तो चित्रपट ॲलिस गी यांचाच होता असे पुष्कळदा लिहिले जाते. त्या विषयावर फ्रान्समध्येच एकाहून अधिक चित्रपट झाले होते, त्यामुळे अभ्यासकांत यावर एकमत नाही. तो ॲलिसबाईंचा असेल, तर भारतीय चित्रपटाच्या मुळाशी एका सेक्रेटरीबाईंचे काम आहे, आणि स्वतः फाळक्यांना ते ठाऊक असण्याचे कारण नव्हते, कारण पडद्यावर तेव्हा दिग्दर्शकाचे नाव झळकत नसे.

१९१२ मध्ये विम्याची पॉलिसी तारण ठेवून फाळके लंडनला गेले, कॅमेरा घेऊन आले, आणि 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी लोकांपुढे आला. चित्रगृह तेच, गिरगावातले कॉरोनेशन.

आता अर्धी राहिलेली हकिकत. त्या काळी कच्च्या फिल्मला कडेची भोके नसत. ती अंधारात, हाताने, मोजून पाडावी लागत. हे काम फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाई करीत. रसायने कालवणे, उन्हात पांढऱ्या चादरी धरून नटांवर प्रकाश पाडणे, आणि साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक हेही त्यांच्याचकडे होते. अंगावरचे दागिनेही त्यांनी काढून दिले. तारामतीच्या भूमिकेसाठी एकही स्त्री मिळेना, तेव्हा ग्रँट रोडवरच्या एका उपाहारगृहात काम करणारे अण्णा साळुंके लुगडे नेसून उभे राहिले. पुढे १९१७ च्या 'लंका दहन'मध्ये याच साळुंक्यांनी राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या. १९१३ च्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमला या दोघी पडद्यावर आल्या, समाजाचे बोल झेलून. १९१९ च्या 'कालिया मर्दन'मधला बाळकृष्ण म्हणजे फाळक्यांचीच लहान मुलगी मंदाकिनी.

दादासाहेब फाळके पुरस्कार १९६९ पासून दिला जातो आणि तो योग्यच आहे. आमचे म्हणणे इतकेच की त्या एका नावाच्या सावलीत उभी असलेली ही नावे मुलांना तोंडपाठ असावीत. त्यांनी फाळके लहान होत नाहीत. एवढा मोठा उद्योग एकट्याने झाला नाही हे मुलांना कळते, आणि आपल्याही हातून काही होईल असा धीर येतो.

स्वतः फाळक्यांच्या कामाचे काय झाले? बोलपट आले आणि मूकपटाचे दिवस संपले. १९३७ चा 'गंगावतरण' हा त्यांचा शेवटचा चित्रपट, आणि १६ फेब्रुवारी १९४४ रोजी ते नाशिकला वारले. तेव्हाची फिल्म नायट्रेटची असे. ती भडकन पेट घेई, दमट हवेत चिकट होऊन कुजे; आणि पुष्कळदा तिच्यातली चांदी काढण्यासाठी ती चक्क वितळवून टाकीत. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय पुण्याला १९६४ मध्ये स्थापन झाले, तोवर फार उशीर झाला होता. 'राजा हरिश्चंद्र'च्या चार रिळांपैकी पहिले आणि शेवटचे मिळाले. तीही फाळक्यांनी १९१७ मध्ये पुन्हा केलेल्या आवृत्तीची असावीत असे काही अभ्यासक मानतात.

आपल्या जत्रेतले नाटक

वाचक म्हणतील, हे सारे पॅरिस-मुंबईचे. आमच्या इब्रामपूर-हसापूरच्या, साळ-मेणकुऱ्याच्या मुलांना याचे काय? आम्ही म्हणतो, आपल्याइतका याचा अनुभव दुसऱ्या कोणाला नसेल.

जत्रेच्या रात्री पालखी फिरून आली की देवळापुढे दशावतार उभा राहतो. पायपेटी, मृदंग, झांज, आणि लाकडी पेटाऱ्यातून निघालेली वस्त्रे. आधी गणपती, सरस्वती, संकासूर. मग रात्रभर आख्यान. स्त्रीपात्र पुरुषच करतो. फाळक्यांना तारामतीसाठी साळुंके सापडले, पण आपल्याकडे अशी परंपरा आधीपासूनच होती. आख्यानाचे कथानक ठरलेले असते, संवाद मात्र लिहिलेले नसतात. दोन नट समोरासमोर येतात आणि पुराणातले दाखले देत, एकमेकांना कोड्यात टाकत, तेथल्या तेथे बोलणे रचतात. एखाद्या रात्री ते असे रंगते की म्हातारी माणसे वर्षभर त्याची आठवण काढतात. सकाळी पेटारा उचलला की ते बोलणे संपले. ते कोणी बोलले, कोठे, कोणत्या साली, हे कोठेही लिहिलेले नसते. पेडणे आणि डिचोली तालुक्यांत असे किती नट होऊन गेले असतील! त्यांची नावे आजोबांच्या तोंडी आहेत. आजोबांबरोबर ती जातील.

हे सर्व नट दिवसा शेतात किंवा बागायतीत राबणारे, कोणी दुकानात बसणारे. ॲलिसबाईंना परवानगी मिळाली होती ती कचेरीचे काम सांभाळून. यांनाही घरचे काम सांभाळूनच रात्र मिळाली.

कौतुक वेगळे, नोंद वेगळी

आम्ही या विषयावर विश्वस्तांशी बोललो. एका ज्येष्ठ विश्वस्तांनी जे सांगितले ते येथे प्रामाणिकपणे मांडतो, कारण त्यात तथ्य आहे. ते म्हणाले, "मुलांना एवढ्या लहानपणी नाव छापून येण्याची चटक लावू नका. काम करावे आणि विसरावे, हे आपले संस्कार. आणि सगळ्यांची नावे घालायची तर तुमचा वृत्तांत कोण वाचणार?"

पहिल्या मुद्द्याचा आम्ही बराच विचार केला. केलेल्या कामाचा डांगोरा पिटू नये हे खरेच. पण तो नियम करणाऱ्यासाठी आहे. त्या मुलीने तो पाळला. ती विंगेत उभी राहिली, नाव छापा म्हणून आमच्याकडे आली नाही. पाहणाऱ्याने आणि लिहिणाऱ्याने मात्र विसरू नये, हाही संस्कारच आहे. शाळेच्या जनरल रजिस्टरमध्ये प्रत्येक मुलाचे नाव, आईवडिलांचे नाव, जन्मतारीख आपण काळजीपूर्वक लिहितो. त्यामुळे मूल गर्विष्ठ होईल असे कोणी म्हणत नाही. कारण ते कौतुक नाही, ती नोंद आहे. एकांकिका कोणी लिहिली, हीही तशीच नोंद. तिच्यापुढे 'उत्कृष्ट', 'अप्रतिम' असे शब्द लावण्याची गरज नाही. शिवाय नोंद दोन्ही बाजूंनी लागू होते. काम फसले तरी ते कोणाचे, हे कळते. ज्याला आपल्या कामाखाली नाव घालायचे आहे तो काम जपून करतो.

दुसऱ्या मुद्द्यावर आम्ही शरमिंदे आहोत. जागा कमी पडते हे खरे नाही. पाहुण्यांचे नाव तीनदा छापले तेव्हा जागा होतीच. ते एकदा छापले असते तर त्या मुलीचे आणि पोशाख शिवणाऱ्या दोन आयांचे नाव सहज बसले असते.

अडगळीची खोली

आता सर्वांत निकडीची गोष्ट. जिन्याखालची अडगळीची खोली या उन्हाळ्याच्या सुट्टीत रिकामी करून तेथे संगणकांसाठी जागा करायची असे ठरले आहे. त्या निर्णयाला आमचा विरोध नाही. मुलांना जागा हवी आहे, आणि खोलीत ओल आहे, एका कोपऱ्यात वाळवीही लागली आहे. पण रद्दीवाल्याला बोलावण्याआधी आत काय आहे ते आम्ही दोघातिघांनी जाऊन पाहिले. जुन्या स्नेहसंमेलनांच्या व्हिडिओ कॅसेट आहेत, काहींवर बुरशी धरलेली. नाटकांच्या हस्तलिखित वह्या आहेत. एका पत्र्याच्या पेटीत फोटो आहेत, मागे ना साल, ना नाव. एका फोटोत फेटा बांधलेला एक मुलगा हातात लाकडी तलवार घेऊन उभा आहे. तो आज कोणाचा तरी आजोबा असेल. कदाचित तो रोज आपल्या नातवाला शाळेच्या फाटकापर्यंत सोडून जात असेल, आणि हा फोटो येथे आहे हे त्याला ठाऊकही नसेल.

या कॅसेट आणि वह्या म्हणजे आपले नायट्रेट. पॅरिसमध्ये आणि मुंबईत जे झाले ते कोणी दुष्टपणाने केले नाही. तेथेही जागा हवी होती, सामान जुने झाले होते, आणि त्या दिवशी ते कोणाच्या उपयोगाचे दिसत नव्हते.

म्हणून आमच्या चार विनंत्या आहेत.

विश्वस्त मंडळाला विनंती, की खोली जरूर रिकामी करावी, पण आधी एक महिना द्यावा. सामान उचलून कोरड्या जागी, जमिनीपासून वर ठेवू द्यावे. ते निवडण्याचे काम आम्ही आणि आठवी-नववीची मुले करू. ज्यात राखण्यासारखे काही नाही ते आम्हीच बाहेर काढून देऊ.

पालकांना विनंती, की व्हिडिओ कॅसेटवरचे चित्रण संगणकावर उतरवून घ्यायला थोडा खर्च येईल, त्याला हातभार लावावा. कॅसेट आणखी काही पावसाळे टिकणार नाहीत.

आजी-आजोबांना विनंती, की एका रविवारी शाळेत यावे आणि येताना चष्मा विसरू नये. फोटो टेबलावर मांडून ठेवू. ज्याला जो चेहरा ओळखेल त्याने नाव सांगावे, मुले पेन्सिलीने मागे लिहितील. दशावतारात, भजनात, शिगम्यात कोण काय करीत असे, तेही सांगावे. त्यासाठी एक वेगळी वही घातली आहे. चहाची व्यवस्था पालक-शिक्षक संघाने मान्य केली आहे.

आणि विद्यार्थी मित्रांनो, तुम्हांला विनंती, की वहीच्या पहिल्या पानावर जसे स्वतःचे नाव लिहिता तसे प्रत्येक सामुदायिक कामाखाली सर्वांची नावे आणि तारीख लिहायची सवय लावा. प्रकल्प चौघांनी केला तर चार नावे. चित्र ताईने रेखाटले आणि तुम्ही रंगवले तर दोन. दुसऱ्याचे काम आपल्या नावावर आले तर ते परत करा. ॲलिसबाईंच्या हाताखाली शिकलेल्यांपैकी कोणी वेळीच एवढे केले असते, तर म्हातारपणी त्यांना स्वतःच्या कामाचे दाखले शोधत हिंडावे लागले नसते.

आमच्यापुरते आम्ही ठरवले आहे. यापुढे या पत्रिकेतल्या प्रत्येक वृत्तांतात आधी काम करणाऱ्यांची नावे येतील आणि मग पाहुण्यांची. पाहुणे रागावणार नाहीत अशी आशा आहे. आणि रागावले तर ती जबाबदारी संपादक मंडळाची. याही अंकात कोणाचे नाव राहिले असेल तर त्या आईंसारखे उठून विचारा. आम्ही दुरुस्ती छापू.

सभा संपल्यावर त्या आईंना आम्ही 'क्षमा करा' म्हटले. त्या म्हणाल्या, "माझ्या मुलीचे नव्हते हो ते नाटक. माझा मुलगा त्यात शिपाई होता. पण तिने त्याला बोलायला शिकवले, म्हणून विचारले."

आपले,
संपादक मंडळ